जाणाऱ्यांना अडवून गडचिरोलीला डॉक्टर मिळणार नाहीत

निकाल आणि प्रवेशाचे दिवस आले की नागपुरातील पालकांच्या आणि माजी विद्यार्थ्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर एक मजकूर हमखास फिरू लागतो. त्याचा आशय असा: सरकारी खर्चाने शिकलेले डॉक्टर आणि अभियंते परदेशात जातात म्हणून देश मागे राहिला, ते जो पैसा पाठवतात तो घर आणि गाडीत संपतो, गेलेला माणूस परत येत नाही, म्हणून सरकारी महाविद्यालयातून पदवी घेणाऱ्याला दहा वर्षे देश सोडू देऊ नये, आणि देश श्रीमंत झाला की हे जाणे आपोआप थांबेल. धरमपेठ किंवा रामदासपेठेतील ज्या घरांत आता दोघेच वृद्ध राहतात, तेथे या मजकुरामागची व्यथा खरी आहे आणि तिचा मी अनादर करत नाही. परंतु त्या व्यथेतून जे धोरण मागितले जात आहे ते विदर्भाचे अधिक नुकसान करील, म्हणून प्रत्येक दावा तपासणे आवश्यक वाटते.

सर्वांत वजनदार दावा डॉक्टरांविषयीचा आहे. गडचिरोली जिल्ह्यातील भामरागड किंवा एटापल्लीसारख्या दुर्गम तालुक्यांत विशेषज्ञ डॉक्टर मिळणे कठीण असते, हे निर्विवाद. पण त्याचे कारण लंडन किंवा न्यूयॉर्क नाही. नागपूरहून गडचिरोली साधारण १७० किलोमीटर आहे, आणि धंतोली-रामदासपेठेत एकेका गल्लीत रुग्णालयांच्या पाट्या लागलेल्या असताना तेवढे अंतर कापून तिकडे स्थायिक व्हायला फारसे कोणी तयार होत नाही. शासकीय महाविद्यालयातून एमबीबीएस झालेल्यांसाठी राज्यात एक वर्षाच्या सेवेचे बंधपत्र आहे आणि ते मोडल्यास १० लाख रुपयांचा दंडही आहे. तरीही ही दरी भरलेली नाही. देशातील एमबीबीएसच्या जागा २०१४ मध्ये सुमारे ५१ हजार होत्या, त्या दहा वर्षांत एक लाख दहा हजारांच्या पुढे गेल्या. तुटवडा केवळ संख्येचा असता तर एवढ्या वाढीने तो दुर्गम तालुक्यांत निदान जाणवण्याइतका कमी व्हायला हवा होता. राहायला घर, मुलांना शाळा, शस्त्रक्रियेसाठी भूलतज्ज्ञ आणि वेळेवर पगार या गोष्टी जेथे नाहीत तेथे डॉक्टर टिकत नाही. त्याचे पारपत्र काढून घेतले तरी तो पुण्याला जाईल, भामरागडला नाही.

शिवाय परदेशी जाण्याची संधी शिक्षणाची ओढही वाढवते, ही बाजू त्या मजकुरात येतच नाही. फिलिपिन्समधील परिचारिकांविषयीचा एक अभ्यास येथे महत्त्वाचा आहे: अमेरिकेने त्यांच्यासाठी व्हिसाची दारे रुंद केल्यावर परदेशी गेलेल्या एका परिचारिकेमागे सुमारे नऊ नव्या परवानाधारक परिचारिका त्या देशात तयार झाल्या, कारण मागणी पाहून शिक्षणसंस्थांनी जागा वाढवल्या. आपल्याकडील संगणक क्षेत्राची कथा याच्या जवळची आहे. गौरव खन्ना आणि निकोलस मोरालेस या अर्थतज्ज्ञांनी दाखवले आहे की कुशल परदेशी कर्मचाऱ्यांना अमेरिकेत काम करू देणाऱ्या एच-१बी व्हिसाच्या आशेने भारतात असंख्य तरुणांनी संगणकाचे शिक्षण घेतले, परंतु व्हिसांची संख्या मर्यादित असल्याने बहुतेक जण येथेच राहिले, काही अनुभव घेऊन परतले, आणि या सर्वांच्या बळावर येथील उद्योग उभा राहिला. आज नागपूरच्या मिहान या औद्योगिक प्रकल्पात मोठ्या कंपन्यांच्या इमारतींत काम करणारी मुले त्याच लाटेतून पुढे आलेल्या पिढीची वारस आहेत. अर्थात हे सर्वत्र घडत नाही. ज्या छोट्या देशात एखादेच वैद्यकीय महाविद्यालय आहे आणि जागा वाढवणे शक्य नाही, तेथे डॉक्टरांचे जाणे हा थेट तोटा असतो. म्हणूनच जागतिक आरोग्य संघटनेने २०१० मध्ये आरोग्य कर्मचाऱ्यांच्या आंतरराष्ट्रीय भरतीसाठी आचारसंहिता स्वीकारली. भारताची स्थिती त्या देशांसारखी नाही.

पाठवलेला पैसा वाया जातो, या दाव्यात अर्धे सत्य आहे आणि ते मान्य केले पाहिजे. रिझर्व्ह बँकेच्या २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीनुसार या रकमेपैकी सुमारे ५९ टक्के कुटुंबाच्या चरितार्थासाठी, २० टक्के बँकठेवींत आणि ८ टक्क्यांच्या आसपास जमीन व शेअर यांत जाते. पण चरितार्थ म्हणजे चैन हे कोणी ठरवले? आखातात वेल्डर किंवा वाहनचालक म्हणून राबणाऱ्याच्या घरी त्याच शीर्षकाखाली मुलीचे महाविद्यालयाचे शुल्क येते, आईचे डायलिसिस येते आणि सावकाराचे फिटलेले कर्जही येते. देशाच्या पातळीवर पाहिले तर २०२३-२४ मध्ये भारतात अशी सुमारे ११९ अब्ज डॉलरची रक्कम आली. ती त्या वर्षीच्या एकूण थेट परकीय गुंतवणुकीपेक्षा बरीच जास्त होती आणि वस्तुव्यापारातील जवळजवळ निम्मी तूट तिने भरून काढली. महाराष्ट्राचा वाटा त्यात २० टक्क्यांच्या आसपास होता. या पैशाचा आणखी एक गुण असा की तो संकटात पळून जात नाही. १९९१ मध्ये अनिवासी भारतीयांच्या ठेवी झपाट्याने काढल्या गेल्या हे खरे, परंतु ठेव वेगळी आणि घरखर्चासाठी पाठवलेला पैसा वेगळा. कोविडच्या साथीत, एप्रिल २०२० मध्ये, जागतिक बँकेने भारताकडे येणारी ही रक्कम २३ टक्क्यांनी घटेल असे भाकीत केले होते. प्रत्यक्षात ती त्या वर्षी जवळजवळ तेवढीच, ८३ अब्ज डॉलर राहिली, कारण संकटात माणूस घरी पैसे पाठवणे सर्वांत शेवटी थांबवतो.

गेलेला परत येत नाही, या दाव्याचे उत्तर तर विदर्भातच आहे. नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात शिकलेले डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग अमेरिकेत जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात सार्वजनिक आरोग्याचे शिक्षण घेऊन परतले आणि १९८६ पासून गडचिरोलीत काम करू लागले. तेथील ३९ गावांत गावातल्याच स्त्रियांना प्रशिक्षण देऊन त्यांनी नवजात बालकांची घरोघरी काळजी घेण्याची पद्धत उभी केली. नवजात मृत्यूचे प्रमाण ६२ टक्क्यांनी घटल्याचा त्यांचा निबंध १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात आला, आणि २०११ मध्ये आशा कार्यकर्त्यांमार्फत ती पद्धत राष्ट्रीय कार्यक्रमाचा भाग झाली. दहा वर्षांची बंदी तेव्हा असती तर ते शिक्षण घेण्याची वाटच बंद झाली असती. प्रत्येक जण परतत नाही आणि परतेलच असेही नाही. परंतु धोरण आखताना परतणाऱ्याचा हिशेब शून्य धरणे चूक आहे.

बंदीच्या मागणीबद्दल फार लिहिण्याची गरज नाही. परदेशी जाण्याचा हक्क हा घटनेच्या अनुच्छेद २१ मधील वैयक्तिक स्वातंत्र्याचा भाग आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये सतवंत सिंग साहनी खटल्यात सांगितले आणि १९७८ च्या मनेका गांधी खटल्यात ते अधिक भक्कम केले. व्यवहारातही दार बंद केले की माणूस थांबत नाही, तो दलालाकडे जातो आणि कामगार म्हणून नव्हे तर पर्यटक म्हणून विमानात बसतो. मग तेथे त्याचे पारपत्र मालकाने ठेवून घेतले तर तक्रार करायला त्याच्याजवळ करारही नसतो.

देश श्रीमंत झाला की स्थलांतर थांबेल, ही समजूत अनेक सुशिक्षितांचीही असते, पण आकडेवारी उलट सांगते. अर्थतज्ज्ञ मायकेल क्लेमन्स यांनी दाखवल्याप्रमाणे गरीब देशांचे दरडोई उत्पन्न वाढू लागले की बाहेर जाणाऱ्यांचे प्रमाण आधी वाढते, आणि क्रयशक्तीच्या मापाने, म्हणजे त्या त्या देशातील किमती लक्षात घेऊन, हे उत्पन्न सुमारे १० हजार डॉलरच्या जवळ गेल्यानंतरच ते प्रमाण कमी होऊ लागते. कारण साधे आहे: अत्यंत गरीब माणसाकडे तिकीट, परीक्षेचे शुल्क आणि पहिल्या महिन्याचे भाडे यांसाठी पैसेच नसतात. दक्षिण कोरिया १९६३ ते १९७७ या काळात पश्चिम जर्मनीला खाणकामगार आणि परिचारिका पाठवत होता. आज तो इतर आशियाई देशांतून कामगार बोलावतो. या बदलाला काही दशके लागली.

मग मागायचे काय? फेब्रुवारी २०२४ मध्ये महाराष्ट्र शासनाने जर्मनीतील बाडेन-वुर्टेमबर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळ पाठवण्याचा करार केला. त्यासाठीचे जर्मन भाषेचे सरकारी वर्ग नागपूर, चंद्रपूर आणि गडचिरोलीच्या आयटीआय व परिचर्या महाविद्यालयांत पुरेशा शिक्षकांसह चालावेत. भरती करणाऱ्या एजंटाने ३० हजार रुपये आणि वस्तू व सेवा कर यांहून अधिक सेवाशुल्क घेऊ नये हा नियम आज आहे. तो मोडणाऱ्याविरुद्धची तक्रार जिल्हाधिकारी कार्यालयातच मराठीत नोंदवता यावी. आणि परदेशी रुग्णालयात काम करून परतलेल्या परिचारिकेचा तो अनुभव सरकारी भरतीत ज्येष्ठतेसाठी धरला जावा.