‘लोपिताल लावा, सुटा’ : खरंच?

अकरावी-बारावीच्या मुलांमध्ये एक सल्ला जोरात फिरतोय: ‘लिमिटला फॅक्टर, रॅशनलायझेशन वगैरे विसरा. वर-खाली डेरिव्हेटिव्ह घ्या, किंमत टाका. कुठलंही लिमिट सुटतं, नेहमी सुटतं, आणि लवकर सुटतं.’ लिमिट म्हणजे क्ष एखाद्या संख्येच्या जवळ जाताना राशी जिच्याकडे जाते ती किंमत, डेरिव्हेटिव्ह म्हणजे राशीच्या बदलाचा दर. अंश आणि छेद यांचं वेगवेगळं डेरिव्हेटिव्ह घेण्याची ही रीत म्हणजे लोपितालचा नियम.

‘कुठलंही’ पासून सुरू करू. क्ष → २ असताना (क्ष² + ३)/(क्ष + १) घ्या. किंमत टाकली की ७/३, विषय संपला. सवयीने डेरिव्हेटिव्ह घेतलंत तर येतं ४. साफ चूक. हा नियम ०/० किंवा ∞/∞ आल्याशिवाय लावायचाच नसतो, आणि फिरत्या सल्ल्यात नेमकी हीच अट गाळलेली असते.

‘नेहमी सुटतं’ हा दावा तर बीजगणितातच आपटतो. क्ष → ∞ असताना क्ष/√(क्ष² + १) बघा. रूप ∞/∞, म्हणजे नियमाला पूर्ण परवानगी. एकदा लावला की √(क्ष² + १)/क्ष मिळतं, पुन्हा लावला की मूळ गणित परत हजर. लावत बसा! कुणी हुशार म्हणेल, उत्तर ल धरा, मग ल = १/ल. पण त्यात लिमिट आहे हे आधीच गृहीत धरलं, शिवाय +१ की −१ हे वेगळं ठरवावं लागतंच. त्यापेक्षा वर-खाली क्ष ने भागा: १/√(१ + १/क्ष²), उत्तर १. क्ष → −∞ असेल तर √क्ष² म्हणजे −क्ष, म्हणून उत्तर −१. हे उणे चिन्ह विसरून कितीतरी मुलं मार्क घालवतात.

‘लवकर’? क्ष → २ साठी (√(क्ष + ७) − ३)/(क्ष − २) रॅशनलायझेशन (वर-खाली √(क्ष + ७) + ३ ने गुणणं) आणि लोपिताल, दोन्ही रीतींनी दोन ओळींत १/६ देतं. वेळ वाचला कुठे?

आणि (क्ष³ − ८)/(क्ष − २) ला लोपिताल लावणं म्हणजे चक्रच. २ पाशी क्ष³ च्या डेरिव्हेटिव्हची व्याख्या हेच तर लिमिट आहे. १२ हे उत्तर अवयव पाडून सरळ सिद्ध होतं.

बाकी नियमाशी माझं वैर नाही. फ्रेंच गणिती लोपितालने तो १६९६ च्या पुस्तकात छापला, मूळ शोध स्विस गणिती योहान बेर्नुलीचा, आणि त्याबद्दल बेर्नुलीला पैसे मिळत होते. क्ष → ० असताना (साइन क्ष − क्ष)/क्ष³ आलं तर खुशाल वापरा. तीनदा लावा, दर वेळी ०/० तपासा, −१/६ येईल.