फुकट तंबू खरा, पण ‘कुठेही, कितीही दिवस’ नाही

उन्हाळा जवळ आला की अमेरिकेतल्या आपल्या मंडळींच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज फिरू लागतो : ‘नॅशनल पार्कमध्ये बुकिंग मिळालं नाही? सरकारी जंगलात कुठेही तंबू ठोका, हवे तितके दिवस राहा, मस्त शेकोटी पेटवा. फुकट! कुणी विचारत नाही.’ यातलं ‘फुकट’ तेवढं बरोबर आहे. बाकीच्यावर विसंबून मुलाबाळांना घेऊन निघू नका, म्हणून लिहितेय.

‘कुठेही’ : नॅशनल पार्क आणि नॅशनल फॉरेस्ट (म्हणजे मेसेजमधलं ‘सरकारी जंगल’) ही खातीच वेगळी. ग्रँड कॅनियन पार्कमध्ये रस्त्याकडेला मुक्काम चालत नाही; दक्षिण दाराबाहेर, तुसायान गावाजवळच्या कायबाब नॅशनल फॉरेस्टमध्ये चालतो. तिथेही कोणत्या रस्त्यावर गाडी न्यायची हे फॉरेस्ट सर्व्हिसच्या मोफत नकाशात बघायचं. तो घरूनच डाउनलोड करा, जंगलात रेंजचा भरवसा नाही.

‘हवे तितके दिवस’ : कायबाबमध्ये ३० दिवसांत जास्तीत जास्त १४ दिवस. इतरत्रही मर्यादा असतेच.

‘कुणी विचारत नाही’ : रेंजर फिरतात, दंडही होतो. पण मला खरी काळजी वेगळीच वाटते. तिथे नळ नाही, संडास नाही, कचराकुंडी नाही. ओढ्यापासून २०० फूट लांब, शौचासाठी सहा-आठ इंच खोल खड्डा खणायचा आणि नंतर बुजवायचा. वापरलेला कागद, डायपर, सगळं पिशवीत भरून परत आणायचं. खुरपं घेतल्याशिवाय निघू नका.

‘शेकोटी’ : इथे तर हा मेसेज घातकच आहे. कोरड्या दिवसांत निर्बंध लागले की अशा मोकळ्या मुक्कामांवरच्या शेकोट्या सगळ्यात आधी बंद होतात. जून २०१० मध्ये ॲरिझोनातल्या फ्लॅगस्टाफ शहराजवळ कुणीतरी न विझवता सोडलेल्या शेकोटीतून ‘शुल्ट्झ फायर’ नावाचा वणवा लागला. सुमारे १५,००० एकर जळालं. महिन्याभरात पाऊस आला, उघड्या पडलेल्या डोंगरावरून लोंढे खाली वस्तीत घुसले, आणि त्यात बारा वर्षांची एक मुलगी गेली.

मागच्या खेपेला आमच्या आधी कुणीतरी मुक्काम करून गेलं होतं. दगडांच्या गोलात राख पांढरी, पार थंड दिसत होती. वर हात धरला तर ऊब लागली. काठीने उकरलं तर खाली लाल निखारे, आणि वीतभर अंतरावर पाइनच्या वाळक्या काड्यांचा थर. पिण्याच्या पाण्याचे दोन कॅन ओतले, ढवळलं, पुन्हा ओतलं. राखेचा चिखल होऊन हाताला गार लागेपर्यंत तिथून हललो नाही.