‘महिन्याभरात घरी बनवा फोल्डिंग ट्राईक’: या मेसेजमधल्या एका सल्ल्याने जीव जाईल

एक लांबलचक मेसेज सध्या जोरात फिरतोय, सोबत छोटा व्हिडिओ. मजकूर थोडक्यात असा: जुन्या हँग ग्लायडरची (खाली लटकून उडवायचं बिनइंजिनाचं कापडी यान) विंग घ्या, तिच्याखाली ॲल्युमिनियम पाइपची तीनचाकी गाडी लटकवा, 8 मिमीचा साधा बोल्ट पुरतो. पॅरामोटरचं, म्हणजे पाठीवर बांधून उडतात ते इंजिन लावलं की एकट्याने उडायची ट्राईक तयार. घडी घालून कारच्या टपावर मावते, दहा मिनिटांत उभी राहते. वजन 115 किलोच्या आत असेल तर जगात कुठेही लायसन्स नको. सायकल येत असेल तर ट्राईक येते. इंजिन बंद पडलं तर पॅराशूटसारखी अलगद उतरते. आणि शेवटी ‘खास टीप’: विंगच्या वरच्या मागच्या तारा उगाच लोंबत असतात, त्या आणखी सैल करा, वेग वाढतो.

हे वाचून माझा भाचा पाइपचे व्यास विचारायला लागला, म्हणून लिहायला बसलो. सुरुवात त्या खास टिपेपासूनच करतो, कारण बाकीच्या चुकांनी पैसे जातील, हाडं मोडतील. या चुकीनंतर माणूस वाचण्याची आशा फार थोडी.

विंगच्या मध्यावर वर उभा असलेला दांडा म्हणजे किंगपोस्ट. त्याच्या टोकापासून विंगच्या मागच्या कडेला येणाऱ्या त्या बारीक तारांना लफ लाइन म्हणतात. ज्या विंगला किंगपोस्ट नसतो, तिथे हेच काम टोकांजवळ कापडाच्या आत बसवलेले स्प्रॉग, म्हणजे टेकू देणारे छोटे दांडे करतात. सरळ उडताना लफ लाइन खरंच सैल असतात, एवढं मेसेजवाल्याने बरोबर पाहिलं आहे. हवेच्या दाबाने कापड वर उचललेलं असतं, त्यामुळे तारांवर ताण येत नाही. पण त्या उडवण्यासाठी नाहीतच. नाक खाली गेल्यावर ते परत वर आणण्यासाठी आहेत.

ट्राईकला शेपूट नाही. विमानात शेपूट जे काम करतं, ते इथे विंगची टोकं करतात. विंग मागे झुकलेली असते, टोकं गुरुत्वमध्याच्या बरीच मागे असतात, आणि कापडाला पीळ असल्यामुळे ती मधल्या भागापेक्षा कमी कोनात हवेला भेटतात. नाक खाली गेलं की टोकांची लिफ्ट (वर उचलणारा जोर) आधी संपते, पुढे ती उलट खाली दाबू लागतात, आणि मागची बाजू दबली की नाक वर येतं. ताठ पत्र्याची विंग असती तर प्रश्न इथेच मिटला असता. कापडाचं तसं नाही. कोन शून्याजवळ आला की दाब जातो, कापड फडफडत खाली बसतं, पीळ नाहीसा होतो आणि त्याबरोबर नाक वर आणणारा जोरही. नेमक्या त्या वेळी लफ लाइन ताणल्या जातात आणि मागची कडा वर धरून ठेवतात. त्या सैल केल्या असतील तर कडा खाली पडते आणि नाक आणखी खाली जातं. 1970 च्या दशकाच्या मध्यात हँग ग्लायडरचे अनेक पायलट नाक खाली करून मारलेल्या अशा न सुटणाऱ्या डाइव्हमध्ये मेले. त्यानंतर या तारा रूढ झाल्या, आणि धावत्या गाडीवर विंग बसवून नाक खाली असताना ती कशी वागते हे मोजणाऱ्या चाचण्या रूढ झाल्या.

ट्राईकमध्ये हे आणखी वाईट. कंट्रोल बार, म्हणजे पायलटच्या हातातला आडवा दांडा, काम करतो तो खाली वजन लटकलेलं असतं म्हणून. वजन तरंगू लागलं की बार कितीही ढकला, विंगला काही कळत नाही. अमेरिकेच्या हवाई नियामक संस्थेचं, एफएएचं, वेट-शिफ्ट (वजन सरकवून चालवायच्या) विमानांचं अधिकृत हँडबुक आहे, एफएए-एच-8083-5. कुणाला माझ्यावर विश्वास ठेवायचा नसेल तर त्यातला व्हिप स्टॉल, टक आणि टंबलचा भाग वाचा. नाक खूप वर, वेग संपलेला, मग नाक झटक्याने खाली येतं, ते फिरणं थांबत नाही आणि सगळं यान कोलांट्या घेऊ लागतं. त्यातून बाहेर पडण्याची भरवशाची पद्धत नाही. तिथपर्यंत जायचंच नाही, एवढाच उपाय.

तारा सैल केल्यावर ‘वेग वाढतो’ असं का वाटतं? बारवरचा परतीचा दाब कमी होतो आणि बार सहज आत ओढला जातो. जो दाब हाताला नकोसा वाटतो, तोच नाक वर आणणारा जोर आहे. हातांनी न धरता विंग ज्या वेगाने उडते तो वेग वाढवायचा असेल तर हँग पॉइंट (गाडी विंगला लटकते ती जागा) कील पाइपवर, म्हणजे विंगच्या मधल्या नाकापासून मागे जाणाऱ्या नळीवर, पुढे घेतात, एका वेळी एक खाच आणि उत्पादकाने दिलेल्या हद्दीतच. लफ लाइनची लांबी मॅन्युअलप्रमाणे मोजून ठेवायची, त्यात मर्जी चालत नाही. जुन्या विंगमध्ये तर ती मुद्दाम तपासावी लागते, कारण वर्षांनुवर्षांत कापडही बदलतं आणि तारेची लांबीही.

आता ‘जुन्या हँग ग्लायडरची विंग’. हँग ग्लायडरच्या धाटणीची विंग लावलेल्या हलक्या ट्राईक आहेत, हे मान्य. फ्लायलाइटची ड्रॅगनफ्लाय, एरोसची अँट ही नावं माहितीतली आहेत. पण एरोस डिस्कस विंगची ट्राईकसाठी वेगळी ‘टी’ आवृत्ती काढते, ती उगाच नव्हे. साधा हिशेब करा. विंग 32 किलो, पायलट 80, हार्नेस 8, एकूण 120. ट्राईकमध्ये तीच विंग 32, चासी (तीनचाकी सांगाडा) आणि इंजिन 50, पायलट 80, इंधन 8, एकूण 170. वजन 1.42 पट. स्टॉलचा वेग, म्हणजे ज्याखाली विंग उचलून धरत नाही तो वेग, वजनाच्या वर्गमुळाने वाढतो, म्हणजे 19 टक्के. 34 किमीला स्टॉल होणारी विंग आता सुमारे 40 ला होईल. टेकताना जिरवायची ऊर्जा मात्र दुप्पट. शिवाय क्रॉसबार (विंगमधली आडवी नळी) आणि लीडिंग एजच्या (पुढच्या कडेच्या) नळ्या त्या 120 किलोसाठी ठरवलेल्या. क्रॉसबार दाबाखाली वाकून जातो, तुटत नाही, त्यामुळे ‘भारी ग्रेडचा पाइप घातला’ याने फरक पडत नाही. व्यास आणि लांबी यांनी पडतो.

8 मिमीच्या बोल्टबद्दल नाइलाजाने अर्धं मान्य करतो. विंगखाली लटकणारं वजन 138 किलो. 4 जी (वजनाच्या चौपट भार) आणि त्यावर दीडपट सुरक्षा धरली तर 828 किलोंचा भार. 8.8 ग्रेडचा अस्सल बोल्ट दोन्ही बाजूंनी धरलेला असेल तर कातरभारात हे सहज पेलतो. मार खातो तो पाइप. दीड मिमी जाडीच्या दोन भिंती आणि 8 मिमीचं भोक म्हणजे 24 चौ.मिमी; त्यावर 338 मेगापास्कल येतात. खिडक्यांना वापरतात त्या 6063-टी5 पाइपची यील्ड मर्यादा, म्हणजे धातू कायमचा वाकू लागतो तो ताण, 145 च्या आसपास. भोकाची कड थोडा जास्त दाब सोसते हे धरलं तरी भोक लांबट होणारच, मग ते हलू लागेल आणि तिथूनच चीर जाईल. म्हणून हँग पॉइंटला कील पाइपला भोक न पाडता त्याभोवती आवळणारा ब्लॉक घालतात, किंवा आत स्लीव्ह बसवतात. आटे पाइपच्या भिंतीत येऊ द्यायचे नाहीत, बोल्टची सपाट दांडीच तिथे हवी. सांधा फिरणारा असेल तर कॅसल नट आणि स्प्लिट पिन. नायलॉक (आत नायलॉनची कडी असलेला नट) आवळत गेलात तर पाइप चेपतो. आणि कील पाइपवरून जाणारा स्वतंत्र बॅकअप पट्टा, जो मुख्य बोल्टवर अवलंबून नसेल.

इंजिनाचं गणित जमतं, त्यावर वाद नाही. व्हिटोराझी मॉस्टर 185 सारखं 25 एचपीचं इंजिन 170 किलोला पुरतं. मात्र विंग मागे-पुढे, डावी-उजवीकडे टोकापर्यंत कलवून प्रॉपेलरचं पातं कील पाइप आणि तारांपासून किती लांब राहतं ते जमिनीवरच बघा.

इंजिन बंद पडलं तर ट्राईक दगडासारखी पडत नाही, हे खरं. पण पॅराशूट कुठून आलं? ताशी 50 किमी आणि 7:1 चा ग्लाइड (1 मीटर उतरताना 7 मीटर पुढे) धरला तर ती सेकंदाला 2 मीटर उतरते आणि त्याच वेळी जवळपास 14 मीटर पुढे जाते. 60 मीटरवरून अर्धा मिनिट आणि 420 मीटर अंतर, तेही वारा नसताना आणि वळण न घेता. खरा धोका चढताना आहे: नाक वर, इंजिन अचानक गप्प, आणि बार लगेच आत ओढला नाही तर वेग संपून वर सांगितलेल्या व्हिप स्टॉलची सुरुवात.

115 किलो हा आकडा अमेरिकेच्या पार्ट 103 नियमातला, 254 पौंड. त्यातही 5 गॅलन इंधन, 55 नॉट कमाल आणि 24 नॉट स्टॉल या मर्यादा, आणि दाट वस्तीवरून उडायला बंदी. दुसऱ्या देशात त्याचा उपयोग शून्य. ब्रिटनमध्ये एका सीटच्या मायक्रोलाइटला (ट्राईकसारख्या अतिहलक्या विमानाला) हवाई-योग्यतेच्या तपासणीतून सूट आहे, पायलटला लायसन्स लागतंच.

सायकलचं म्हणाल तर पुढच्या चाकाचा दांडा पायाने ढकलतात, आणि उजवा पाय ढकलला की ट्राईक डावीकडे वळते. हवेत बार पुढे ढकलला की नाक वर जातं, विमानाच्या स्टिकच्या बरोबर उलट. एका सीटच्या यंत्रात चूक सुधारायला प्रशिक्षक नसतो, म्हणून आधी दोन सीटच्या ट्राईकवर शिकतात.

राहिली घडी. चासीची घडी होते, झटपट होते. विंगची घडी चार ते सहा मीटर लांब राहते. ती आणखी आखूड करायची तर लीडिंग एजचे मागचे तुकडे काढावे लागतात, त्याला तास जातो. चुका इथेच होतात. क्रॉसबार मागे ओढून धरणारी तार खटक्यात नीट अडकलेली नसते. सेफ्टी रिंग राहून जाते. तारेच्या टोकाचं थिंबल (तारेचा वळसा सांभाळणारी धातूची कडी) पट्टीवर तिरकं बसतं. जमिनीवर ते ताठ दिसतं आणि हवेत पहिल्याच धक्क्याला सरळ होऊन तार सैल पडते. घडी घालताना तार थिंबलजवळ दुमडते आणि तिचे धागे तिथेच आधी तुटतात, म्हणून ती जागा दर वेळी कापड फिरवून बघायची. धागा तुटला असेल तर कापड अडकतं. एक धागा जरी तुटलेला सापडला तरी तार बदलायची.