जपानचा दाखला देणाऱ्यांनो

२०२३ मध्ये नारायण मूर्तींनी तरुणांना आठवड्याला ७० तास काम करायला सांगितलं आणि दाखला दिला युद्धानंतरच्या जर्मनी-जपानचा. तेव्हापासून शाळेच्या ग्रुपवर हा वाद पेटला की कुणीतरी मला टॅग करतंच: 'तू तिथेच आहेस, सांग यांना जपानी कसे राबतात!'

सांगतो. ॲनिमेशनपटांचे दिग्दर्शक मियाझाकी तुम्हाला माहीत असतील, ॲनिमेटर योशिफुमी कोंदो नसतील. जन्म १९५० चा, निइगातातल्या गोसेनचा. १९६८ पासून ॲनिमेशनमध्ये. ज्या निप्पॉन ॲनिमेशनचा मोगली आपण रविवारी दूरदर्शनवर पाहिला, तिथेच १९७९ साली त्यांनी 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' मालिकेची पात्रं घडवली. ती हाडकुळी, लालकेशी पोर भागागणिक कशी मोठी होत जाते ते एकदा बघाच. पुढे मियाझाकींच्या जिब्ली स्टुडिओत ते आणि दुसरे दिग्दर्शक ताकाहाता एकाच वेळी एकेक चित्रपट करत होते आणि दोघांनाही कोंदोच हवे होते. मिळाले ताकाहातांना. म्हणूनच १९८८ च्या 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज'मधली चिमुरडी सेत्सुको खरोखरीच चार वर्षांची वाटते.

दिग्दर्शन केलं ते एकाच चित्रपटाचं, १९९५ च्या 'व्हिस्पर ऑफ द हार्ट'चं. (टोकियोत त्याची कथा जिथे घडते त्या सेइसेकी-साकुरागाओका स्टेशनला उतरलं की अजून त्यातलं गाणं वाजतं.) जिब्लीची गादी हेच चालवणार असं सगळे धरून चालले होते. मियाझाकींच्या 'प्रिन्सेस मोनोनोके'चं काम उरकलं आणि जानेवारी १९९८ मध्ये महाधमनी फाटून ते गेले. वय ४७. कामानेच बळी घेतला, असं इथे सर्रास म्हणतात.

घ्या तुमचा दाखला. याच जपानने २०१८ मध्ये कायदा करून ओव्हरटाइमवर महिन्याला ४५ तासांची मर्यादा घातली. पळवाटा आहेत, चित्रागणिक पैसे मिळवणाऱ्या फ्रीलान्स ॲनिमेटरच्या तर तो कायदा फारसा कामाचाही नाही. पण निदान लाज वाटली. ही बातमी मात्र ग्रुपवर कुणी फॉरवर्ड करत नाही.

'एवढं असेल तर ये की परत,' असं परवा एकाने लिहिलं. मी गप्प बसलो. कारण इथे नोमिकाईत, म्हणजे ऑफिसच्या दारूपार्टीत, कुणी भारतीयांच्या ढिलाईवर विनोद केला की मीही राबण्याचेच दाखले देतो. बदलापूरहून पहाटेची लोकल पकडून व्हीटीला जाणारे बाबा, तापातसुद्धा रजा न घेणारे. समोरचे जपानी कौतुकाने माना डोलावतात, आणि मला ते आवडतं.