ध्यानचंदना हिटलरच्या शिफारशीची गरज नाही

29 ऑगस्ट, म्हणजे ध्यानचंदांचा जन्मदिवस, जवळ आला की तो मजकूर पुन्हा फिरायला लागतो. शाळांचे ग्रुप, सोसायटीचे ग्रुप, माजी सैनिकांचे ग्रुप, कुठेच तो चुकत नाही. मजकूर साधारण असा : बर्लिन ऑलिंपिकमध्ये 1936 साली हॉकीपटू मेजर ध्यानचंद अनवाणी खेळले आणि त्यांनी एकट्याने जर्मनीला लोळवलं. ते पाहून हिटलरने त्यांना जर्मन सैन्यात मोठं पद देऊ केलं, पण 'हिंदुस्थान विकाऊ नाही' असं म्हणून त्यांनी ते धुडकावलं. त्याआधी हॉलंडमध्ये त्यांची स्टिक तोडून आत लोहचुंबक आहे का ते तपासलं होतं. व्हिएन्नात त्यांचा चार हात आणि चार स्टिक असलेला पुतळा आहे. हिटलरला त्यांची किंमत कळली, आपल्याला कळली नाही. आणि शेवटी मोठ्या अक्षरांत : 'याला म्हणतात लेजंड!'

ध्यानचंद भारतीय खेळातले सगळ्यात मोठे खेळाडू होते असं माझं ठाम मत आहे. म्हणूनच या मजकुराचा राग येतो. त्यांनी जे खरोखर केलं ते यात जवळपास नाहीच.

सुरुवात हिटलरपासून करू, कारण सगळा डोलारा त्यावर उभा आहे. ध्यानचंदांचं आत्मचरित्र 'गोल' 1952 साली आलं. बर्लिनच्या दिवसांबद्दल त्यात त्यांनी सविस्तर लिहिलं आहे : सराव, हवा, मैदान, सोबती, अंतिम सामना. हिटलरने पद देऊ केल्याचा प्रसंग त्यात नाही. असं काही घडलं असतं तर 1952 साली, स्वतंत्र भारतात, ते लपवायचं काय कारण होतं? शिवाय फॉरवर्ड होणाऱ्या मजकुरातलं पद दर वेळी वेगळं असतं. कुठे कर्नल, कुठे जनरल, कुठे थेट फील्ड मार्शल. आणि तो संवाद शब्दशः ऐकून लिहून कोणी ठेवला, हे एकाही मजकुरात नसतं.

त्याच आत्मचरित्रात मात्र एक प्रसंग आहे, आणि तो कुणी फॉरवर्ड करत नाही. संघ अधिकृतपणे ब्रिटिश हिंदुस्थानच्या झेंड्याखाली खेळत होता. अंतिम सामन्याआधी ड्रेसिंग रूममध्ये संघासोबत आलेल्या पंकज गुप्तांनी काँग्रेसचा तिरंगा बाहेर काढला. खेळाडूंनी त्याला वंदन केलं आणि मग ते मैदानात उतरले. यातले कित्येक जण, खुद्द ध्यानचंदसुद्धा, इंग्रजांच्या लष्करात नोकरीला होते. हे बाहेर फुटलं असतं तर पोटावर पाय आला असता. देशप्रेमाचा दाखलाच हवा असेल तर हा घ्या, खेळाडूने स्वतः लिहून ठेवलेला.

एक गोष्ट मला जास्त खुपते. 1936 च्या उन्हाळ्यात न्यूरेंबर्गचे वंशभेदी कायदे लागू होऊन वर्ष होत आलं होतं. ग्रेटेल बर्गमन ही जर्मनीची उंच उडीतली अव्वल खेळाडू केवळ ज्यू म्हणून संघातून वगळली गेली होती. अशा राजवटीच्या प्रमुखाने पाठ थोपटली म्हणून आपला माणूस मोठा ठरतो, ही कल्पनाच मला सहन होत नाही.

आता 'एकट्याने' आणि 'अनवाणी'. हे दोन्ही जर्मनीविरुद्धच्या अंतिम सामन्याबद्दल आहेत आणि खरी हकीकत फॉरवर्डपेक्षा कितीतरी सरस आहे. ऑलिंपिक सुरू होण्याआधी, जुलैमध्ये, भारतीय संघ जर्मनीशी सराव सामना खेळला आणि 4-1 असा हरला. कर्णधार ध्यानचंद होते. त्या रात्री आपल्याला झोप लागली नाही, असं त्यांनी लिहिलं आहे. आघाडीच्या फळीत इनसाइडला, म्हणजे मधल्या खेळाडूच्या शेजारच्या जागी, माणूस कमी पडतोय हे ओळखून अली दारा यांना हिंदुस्थानातून तातडीने बोलावून घेतलं. ते उपांत्य सामन्याच्या वेळेला पोचले. (हेच दारा पुढे 1948 साली पाकिस्तानचे कर्णधार म्हणून ऑलिंपिकला गेले.)

पावसामुळे अंतिम सामना एक दिवस पुढे ढकलून 15 ऑगस्टला झाला. मैदान ओलं होतं. मध्यंतरापर्यंत भारताचा एकच गोल झाला होता, म्हणजे महिन्याभरापूर्वी ज्यांच्याकडून हरलो त्यांच्यासमोर जेमतेम आघाडी. दुसऱ्या सत्रात ध्यानचंदांनी खिळ्यांचे बूट आणि मोजे काढले आणि रबरी तळव्याचे बूट घालून ते खेळले. त्या वेळच्या वार्तांकनात उघड्या पायांचा उल्लेख आहे तो मोज्यांविना असलेल्या पोटऱ्यांचा. त्याचं 'अनवाणी' कधी झालं कोण जाणे. मला स्वतःला बुटांचा किस्सा जास्त आवडतो. चालू सामन्यात पायाखालची जमीन ओळखून, फायनलमध्ये, कर्णधाराने बूट बदलले. याला खेळाची समज म्हणतात.

निकाल 8-1. अधिकृत नोंदीप्रमाणे ध्यानचंदांचे तीन गोल, दारांचे दोन, आणि रूपसिंग, टॅपसेल व जाफर यांचा प्रत्येकी एक. संपूर्ण स्पर्धेत भारताने 38 गोल केले आणि खाल्ला तो हा एकच. गोलरक्षक रिचर्ड ॲलन आणि बचाव फळी यांच्याशिवाय हा हिशेब लागतो का? 'एकट्याने' म्हणताना आपण या दहा जणांना पुसून टाकतो.

त्याआधीच्या वर्षीचा न्यूझीलंड-ऑस्ट्रेलिया दौरा घ्या. 48 सामने, संघाचे 584 गोल. त्यातले ध्यानचंदांचे 201. आकडा छाती दडपवणारा आहे. पण उरलेले 383 कुणीतरी केलेच ना? त्या काळी पुढे पाच जणांची फळी असायची आणि ध्यानचंद मधले, सेंटर फॉरवर्ड. मधल्या माणसाने पास दिला नाही तर दोन्ही बाजू उपाशी राहतात. 1932 साली लॉस एंजेलिसमध्ये अमेरिकेला 24-1 असं हरवलं तेव्हा सर्वाधिक, दहा गोल धाकटे भाऊ रूपसिंग यांचे होते, ध्यानचंदांचे आठ. त्या स्पर्धेत तीनच संघ उतरले होते, हेही सांगून टाकावं. खरं सांगितल्याने ध्यानचंद लहान होत नाहीत.

लोहचुंबकाचा दावा तर शाळकरी मुलालाही खोडता यावा. हॉकीचा चेंडू तेव्हा आत बूच आणि सुतळी, वरून चामडं असा असायचा. यातलं लोहचुंबक काय खेचणार? आम्सटरडॅमला 1928 साली भारताने पाच सामन्यांत 29 गोल केले, एकही खाल्ला नाही, आणि 14 गोल ध्यानचंदांचे होते. हे पाहून लोक थक्क झाले असतील यात शंका नाही.

चेंडू स्टिकला चिकटल्यासारखा दिसतो तो कसा, ते मैदानावर उभं राहिलं की कळतं. हॉकी स्टिकची एकच बाजू सपाट असते आणि खेळायची परवानगी तेवढ्याच बाजूने. म्हणजे चेंडू उजवीकडून डावीकडे नेताना स्टिक सरळ, डावीकडून उजवीकडे आणताना उलटी. ही उलटापालट डाव्या हाताचं मनगट करतं. उजवा हात खाली सैल, नुसता आधाराला. मनगट वळलं की चेंडूवर टक आवाज येतो, आणि नवखं मूल असेल तर चेंडू लगेच हातभर निसटतो. तो वीतभरही निसटू नये इतकं मनगट तयार व्हायला वर्षं जातात. ध्यानचंदांना लहानपणी कुस्तीची आवड होती. हॉकी त्यांनी खऱ्या अर्थाने हातात घेतली ती 1922 साली लष्करात शिपाई म्हणून भरती झाल्यावर, सुभेदार मेजर बाले तिवारी यांच्या हाताखाली. ड्यूटी संपल्यावर चांदण्यात सराव करत म्हणून ध्यानसिंगचे ध्यानचंद झाले, असं सांगतात. जादूची स्टिक दाखवली की हे सगळं तास न् तास घोटणं दिसेनासं होतं. हॉकी शिकणाऱ्या पोरांना आपण नेमकं तेच दाखवायला हवं.

व्हिएन्नाच्या पुतळ्याबद्दल फार लिहायला नको. असा पुतळा तिथे नाही. इतकी वर्षं मजकूर फिरतोय, पुतळ्याचा एक खरा फोटो आजवर कुणी दाखवलेला नाही.

राहिला शेवटचा दावा, आपल्याला किंमत कळली नाही हा. यात तथ्य आहे आणि ते मी नाकारणार नाही. 1928 चा संघ बोटीने निघण्याआधी मुंबईच्या संघाकडून 3-2 असा हरला आणि त्यांना निरोप द्यायला बंदरावर तीन माणसं आली होती. सोनं घेऊन परतले तेव्हा त्याच मुंबईत गर्दी लोटली. 1956 साली ध्यानचंदांना पद्मभूषण मिळालं. पण अखेरच्या दिवसांत पैशांची चणचण होती, आणि 3 डिसेंबर 1979 रोजी दिल्लीच्या एम्समध्ये ते गेले. स्टेडियमला नाव, त्यांच्या जन्मदिवशी राष्ट्रीय क्रीडा दिन, 2021 मध्ये खेलरत्नला त्यांचं नाव, हे सगळं मागाहून आलं. भारतरत्न अजून नाही. 2011 मध्ये नियम बदलून खेळाडूंना तो मार्ग मोकळा झाल्यानंतरही नाही.

ती मागणी मलाही मान्य आहे. पण ती करताना तीन सुवर्णपदकं पुढे ठेवा, 4-1 च्या पराभवानंतर महिन्याभरात उभा केलेला संघ पुढे ठेवा, ड्रेसिंग रूममधला तिरंगा ठेवा. हिटलरचं नाव त्या मागणीपत्रात येता कामा नये.