खुलासा: ‘जॉन वेल्स’ नावाचा अमेरिकी नट नव्हताच

‘अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स’ (1964) या इटालियन वेस्टर्न चित्रपटातला खलनायक रामोन हा ‘जॉन वेल्स’ या अमेरिकी नटाने रंगवला, अशी पोस्ट फिरते आहे. ते चूक आहे. हे इटलीच्या जियान मारिया वोलोन्तेचं टोपणनाव. जन्म मिलानचा, 1933 चा. रोमच्या नाट्यअकादमीत शिकून रंगभूमीवर मुरलेला नट.

चित्रपट अमेरिकी वाटावा म्हणून श्रेयनामावलीत नावंच बदलली होती. दिग्दर्शक सर्जिओ लिओने झाले ‘बॉब रॉबर्टसन’, संगीतकार एनिओ मोरिकोने ‘डॅन सॅव्हिओ’ (हे तर ऐकायलाही धड अमेरिकी नाही!). घोळ तिथला. इंग्रजी आवृत्तीतल्या आवाजावरून खात्री करू नका, तो डब केलेला आहे. शेवटच्या द्वंद्वात हृदयावर नेम धरून विंचेस्टर रायफल झाडणारा चेहरा पाहा. 1983 साली फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरला तो हाच.