‘आठवणींचे कढ’ म्हणणाऱ्या वाचकास

आपली प्रतिक्रिया वाचली. मुंबई-पंढरपूर फास्ट पॅसेंजरवरचा माझा लेख आपण शेवटपर्यंत वाचलात, त्याबद्दल आभार. आपलं म्हणणं थोडक्यात असं की ती गाडी रोज नव्हती, कायम रखडायची, आणि ती बंद झालेलीच नाही, तिची एक्सप्रेस झाली. वर शेवटची ओळ: ‘हा इतिहास नव्हे, ठाण्यात बसून काढलेले आठवणींचे कढ आहेत.’

पहिला मुद्दा मान्य. मी ‘रोज रात्री’ लिहिलं, ते चुकलं. पंढरपूरची गाडी आठवड्यातून तीनच रात्री होती, बाकीच्या चार रात्री विजापूरची. लेखात दुरुस्ती केली आहे. रखडायची म्हणता, तर हो, रखडायची. पॅसेंजरच होती ती.

पण ती शेवटची ओळ मी चारदा वाचली. चूक दाखवायला ‘कढ’ हा शब्द लागत नाही. आणि ‘ठाण्यात बसून’ म्हणजे काय हो? माझे वडील माढा तालुक्यातले. वागळे इस्टेटला नोकरी लागली म्हणून ठाण्यात आले आणि इथलेच झाले. गावाकडे जाणारी प्रत्येक रात्र आमच्या घराने रेल्वेत काढली आहे. कार्तिकीला आजीला न्यायचं असलं की आम्ही ठाण्याला गाडीची वाट बघत उभे राहत नव्हतो. जेवणं उरकून उलट दिशेची लोकल धरायची आणि सीएसटी गाठायचं, कारण रिकामे डबे मिळायचे ते तिथेच. गाडी फलाटाला लागत असतानाच वडील दांडी धरून जनरल डब्यात शिरायचे आणि बाकावर आजीची वाकळ पसरायचे. ती वाकळ हेच आमचं रिझर्वेशन. कर्जतला घाटासाठी मागून बँकर इंजिनं लागायची. त्यांचा धक्का बसला की आजी झोपेतच ‘पांडुरंगा’ म्हणायची. याला तुम्ही कढ म्हणता. मी म्हणतो, ही गाडी कोणासाठी होती याचा हा पुरावा आहे. वेळापत्रकात तो सापडत नाही.

आणि इतिहासच हवा असेल तर तोही लेखात होता. तुम्ही तो गाळून वाचलात. कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनिअर साहेबाची बार्शी लाईट रेल्वे 1897 मध्ये कुर्डुवाडी ते बार्शी सुरू झाली आणि 1906 मध्ये पंढरपूरला पोचली. दोन रुळांत अंतर अवघं अडीच फूट. मुंबईचा वारकरी मोठ्या गाडीने कुर्डुवाडीपर्यंत यायचा, सगळं बोचकं घेऊन उतरायचा आणि छोट्या गाडीत बसायचा. जवळजवळ शंभर वर्षं असंच चाललं. या शतकाच्या सुरुवातीला तो मार्ग ब्रॉडगेज झाला, तेव्हा कुठे मुंबईहून न उतरता पंढरपूर गाठता येऊ लागलं. तरी आमची आजी कुर्डुवाडी आलं की गाठोडं उचलून दाराकडे निघायचीच. दर वेळी वडील तिला हाताला धरून बसवायचे, ‘आई, आता उतरायचं नाही.’ तिच्या हाताला जे वळण लागलं होतं तोच या मार्गाचा इतिहास आहे, साहेब.

आता तुमचा ‘बंद झालीच नाही’. 22 मार्च 2020 च्या मध्यरात्री देशभरातल्या प्रवासी गाड्या थांबल्या, त्यात हीही थांबली. परत आली ती दादरहून सुटणारी एक्सप्रेस होऊन, आणि पुढे तिला साताऱ्यापर्यंत नेलं. गाडीचा नंबरच बघा ना. 51027 होता, 11027 झाला. पहिला पाच पॅसेंजरचा, पहिला एक एक्सप्रेसचा. त्या एका आकड्याने पॅसेंजरचं स्वस्त ऑर्डिनरी तिकीट गेलं आणि त्याच बाकावर एक्सप्रेसचं भाडं लागू झालं. तुम्हाला तो फरक किरकोळ वाटत असेल. आजी, दोन आत्या आणि आम्ही पाच जण अशी आठ तिकिटं काढणाऱ्या माझ्या वडिलांना तो किरकोळ वाटला नसता. शिर्डीचे डबेही आता सोबत नाहीत. पूर्वी ते याच गाडीला असायचे आणि दौंडला तोडले जायचे. तिथे मध्यरात्रीनंतर लोक डब्याडब्यातून विचारत फिरायचे, ‘हा पंढरपूरचाच ना?’ विठोबाला निघालेला आणि साईबाबांना निघालेला दौंडपर्यंत एकाच बाकावर. हे गेलं, तरी गाडी आहेच असं तुम्ही कोणत्या तोंडाने म्हणता?

तुम्ही रेल्वेची बारकाईने माहिती ठेवता हे दिसतं. माझी चूक तुमच्यामुळे सुधारली, ते मी नाकारत नाही. पण ज्या माणसाला आपण ओळखत नाही, त्याच्या घरच्या आठवणींना नावं ठेवायची, आणि तीही स्वतःचं नाव न लिहिता, ही रीत मला पटत नाही. इथे पंचवीस-तीस प्रतिक्रिया येतात, त्यात माझ्या चुका काढणारे कितीतरी जण आहेत. एकालाही मी असं उत्तर दिलेलं नाही.

पुढचा लेख मिरजेकडे गेलेल्या छोट्या लाईनवर लिहितो आहे. 1927 ला ती मिरजेला पोचली, तिथून सुरुवात करणार आहे. त्यात तारीख चुकली तर जरूर सांगा, लगेच बदलेन. फक्त खाली नाव लिहा.